कॅसेटमधली जादा चिप: ती ओळखायची कशी आणि इम्युलेटरमध्ये चालवायची कशी

एखादा जुना गेम इम्युलेटरमध्ये, म्हणजे जुन्या कन्सोलची नक्कल करणाऱ्या प्रोग्राममध्ये, काळ्या पडद्यावर अडकला, की बहुतेक जण आधी इम्युलेटर बदलतात, मग रॉमची दुसरी फाइल शोधत बसतात. संध्याकाळ जाते आणि पडदा काळाच राहतो. आधी विचारायला हवं ते असं: या गेमच्या कॅसेटमध्ये रॉमखेरीज (गेम साठवलेल्या चिपखेरीज) आणखी काय बसवलेलं होतं? घराघरांत गेलेल्या कन्सोलचा प्रोसेसर काही कंपनीला बदलता येत नव्हता. म्हणून लागेल ती जादा ताकद कॅसेटमध्येच घालून विकली जाई. रॉमच्या फाइलमध्ये येते ती फक्त साठवलेली माहिती. शेजारची चिप इम्युलेटरला स्वतः उभी करावी लागते, आणि कोणती उभी करायची हे त्याला फाइलच्या हेडरमधल्या, म्हणजे तिची ओळख सांगणाऱ्या भागातल्या, एकदोन बाईटांवरून कळतं. ते बाईट वाचता आले की निम्म्या तक्रारींचं मूळ सापडतं.

आधी हातातली कॅसेट कोणती ते बघा

नाशिकमध्ये माळा उपसला तर बहुधा निघेल ती ६० पिनांची, आठ बिटांची क्लोन, म्हणजे नकली कॅसेट. पिवळी किंवा काळी, वर ‘९९९९९९९ इन १’ असं लिहिलेलं आणि आत तेच पंधरावीस गेम पुन्हा पुन्हा. बुधवारच्या बाजारात गोदाघाटाकडे एखाद्या पथारीवरही अशा दिसतात. सुपर निंटेंडोची अस्सल कॅसेट मात्र कोणाच्या तरी मामाने दुबईहून किंवा अमेरिकेहून आणलेली असेल तरच. दोन्हींच्या वाटा वेगळ्या आहेत, तेव्हा आधी पिना मोजा: फॅमिकॉम (निंटेंडोचं जपानी आठ बिटांचं कन्सोल) आणि त्याचे क्लोन ६०, अमेरिकी निंटेंडो ७२, सुपर निंटेंडो ६२. सुपर निंटेंडोत मधल्या ४६ पिना साध्या गेमना पुरतात. दोन्ही कडांच्या आठ-आठ पिनांना सोनेरी पट्ट्या दिसल्या, तर आत जादा चिप असण्याची शक्यता मोठी.

उघडणं आणि साफ करणं

क्लोन कॅसेट साध्या फुली पेचकसाने उघडते, किंवा नुसत्या खाचांवर बसवलेली असते. अस्सल निंटेंडोच्या कॅसेटला ३.८ मिलिमीटरचा गेमबिट, म्हणजे पेचकसाचं खास टोक, लागतो. पेनाचं टोक वितळवून स्क्रूवर दाबायची युक्ती अनेकजण सांगतात, पण त्यात स्क्रूचं डोकं प्लास्टिकने भरतं आणि मग गेमबिटही बसत नाही. बिट ऑनलाइन मागवा.

एम. जी. रोडवरच्या एका दुरुस्तीवाल्या काकांना कुणी “काका, कॅसेट लागतच नाहीये” म्हटलं, की त्यांचा पहिला प्रश्न ठरलेला: “फुंकर मारली का?” उत्तर ‘हो’ आलं की ते नुसती मान हलवतात. फुंकरीतल्या ओलाव्याने पट्ट्यांवर हिरवट थर चढतो, आणि आपल्याकडच्या पावसाळ्यात तो आणखी लवकर चढतो. आयसोप्रोपिल अल्कोहोल, शक्यतो ९९ टक्के, कापसाच्या काडीवर घ्या आणि पट्टीच्या लांबीच्या दिशेने पुसा. काडी काळी निघायची थांबेपर्यंत काड्या बदलत राहा. सँडपेपर नको, कारण सोन्याचा मुलामा अतिशय पातळ असतो.

घाटाजवळच्या जुन्या घरांत पुराचं पाणी शिरून भिजलेल्या कॅसेटही असतात. गोदावरीतल्या दुतोंड्या मारुतीच्या छातीला पाणी लागलं की त्या भागातल्या तळमजल्यांचं काय होतं ते सांगायला नको. अशा कॅसेटचा बोर्ड आधी डिस्टिल्ड पाण्याने धुऊन गाळ काढा, मग अल्कोहोल, मग दोन दिवस पंख्याखाली. त्याआधी वीज देऊ नका. आत बॅटरी असेल तर धुण्यापूर्वी ती काढावीच लागेल. अशा वेळी जपलेला खेळ गेला असं समजा.

बोर्ड कोरडा आणि ठीक असेल तर उलट करा: बॅटरीला हात लावण्याआधी जपलेला खेळ वाचून घ्या. ती बहुतेकदा पाय जोडलेली तीन व्होल्टची सीआर२०३२ असते, आणि काढताक्षणी सेव्ह रॅम कोरी होते.

बोर्डावर काय लिहिलंय

आता मोबाइलने दोन्ही बाजूंचे स्वच्छ फोटो काढा. अस्सल कॅसेटमध्ये चिपवर नाव छापलेलं असतं. पहिल्या ‘स्टार फॉक्स’मध्ये चक्क ‘मारिओ चिप १’ असं दिसतं; तीच सुपर एफएक्स. इतरत्र ‘जीएसयू’ (तीही सुपर एफएक्सच), ‘डीएसपी१’, ‘एसए-१’, ‘सीएक्स४’ अशी अक्षरं सापडतील. फॅमिकॉमच्या बोर्डावर ‘एमएमसी३’ किंवा ‘व्हीआरसी’ने सुरू होणारं नाव असेल, किंवा ७४ मालिकेतल्या दोन साध्या चिप्स. ७४१६१ आणि ७४३२ एकत्र दिसल्या तर तो बहुतेक ‘युनरॉम’ बोर्ड.

क्लोन कॅसेटमध्ये यातलं काहीच दिसत नाही. काळ्या डांबरासारखे दोन-तीन ठिपके असतात, त्यांच्याखाली उघडी सिलिकॉन चकती. ठिपका खरवडू नका, आतल्या केसाइतक्या तारा तुटतात. अशी कॅसेट बाहेरून प्रश्न विचारूनच ओळखायची.

रॉम वाचून घेणं

घरी जमणारा सर्वांत चांगला मार्ग म्हणजे आर्डुइनो मेगा या छोट्या कंट्रोलर बोर्डावर बांधलेला ओपन सोर्स कार्ट रीडर. त्याचे आराखडे खुले आहेत. सातपूर-अंबडच्या कारखान्यांत नोकरी करणारा आणि सोल्डरिंगचा हात असलेला मित्र असेल तर एका रविवारचं काम. नसेल तर तयार रीडर मागवा. कॅसेट लावताना आणि काढताना वीज बंद ठेवा, आणि रीडरचं व्होल्टेज पाचवर आहे ना ते बघा.

प्रत्येक कॅसेट दोनदा वाचा आणि दोन्ही फाइलींचा सीआरसी३२ (फाइलमधल्या बाईटांवरून निघणारा तपासणीचा) आकडा जुळवा. जुळला नाही तर पट्ट्या पुन्हा पुसा. फाइल ‘दुरुस्त’ करत बसू नका.

इथेच जादा चिपेची पहिली अडचण येते. सुपर निंटेंडोच्या काही चिप्स कन्सोलकडून घड्याळाचे ठोके आणि कुलूप-चिपचा (अस्सल कॅसेट ओळखणाऱ्या चिपचा) प्रतिसाद मिळाल्याशिवाय रॉमकडे जाऊच देत नाहीत. एसए-१ आणि एस-डीडी१च्या कॅसेट वाचायच्या असतील तर रीडरवर क्लॉक जनरेटर बसवलेला हवा. नाहीतर सगळी फाइल एकाच बाईटने भरलेली येईल आणि तुम्ही पट्ट्या पुसत बसाल.

कायद्याचं एका परिच्छेदात: १९५७च्या कॉपीराइट कायद्याच्या कलम ५२मध्ये, संगणक प्रोग्रामची प्रत कायदेशीररीत्या बाळगणाऱ्याला ती हरवण्या-खराब होण्यापासून संरक्षण म्हणून बॅकअप काढायची मुभा आहे. स्वतःच्या अस्सल कॅसेटला हा आधार आहे. क्लोन कॅसेटमधला गेम मुळातच चोरीचा, तिथे हा आधार डळमळीत. दुसऱ्याला फाइल वाटणं दोन्हीकडे चूकच.

आठ बिटांची कॅसेट: मॅपर समजून घ्या

फॅमिकॉमच्या प्रोसेसरला कॅसेटमधले एका वेळी ३२ केबीच दिसतात आणि चित्राच्या चिपला ८ केबी. पहिला ‘सुपर मारिओ ब्रदर्स’ नेमका तेवढ्यात मावतो, म्हणून तो कुठल्याही इम्युलेटरवर चालतो. ‘काँट्रा’च्या अमेरिकी आवृत्तीत प्रोग्रामच १२८ केबीचा आहे. तो ३२ केबीच्या खिडकीतून दाखवायचा तर रॉमचे तुकडे आलटून पालटून समोर आणावे लागतात. हे काम करणाऱ्या सर्किटला मॅपर म्हणतात.

रीडरने तयार केलेल्या फाइलच्या सुरुवातीला १६ बाईटांचं हेडर असतं. हेक्स एडिटरमध्ये (फाइलमधले बाईट हेक्स आकड्यांत दाखवणाऱ्या प्रोग्राममध्ये) फाइल उघडा आणि शून्यापासून मोजा. चौथा बाईट म्हणजे प्रोग्रामचे १६ केबीचे तुकडे, पाचवा म्हणजे चित्रांचे ८ केबीचे तुकडे. सहाव्या बाईटातला डावा अंक मॅपर क्रमांकाचा खालचा भाग, सातव्यातला डावा अंक वरचा भाग. सहावा बाईट ४१ आणि सातवा ०० असेल तर मॅपर ४, म्हणजे एमएमसी३. ‘सुपर मारिओ ब्रदर्स ३’ याच गटातला. त्याची फाइल हेडर धरून ३,९३,२३२ बाईटांची भरते. आकार जुळतो पण मॅपर क्रमांक चुकीचा आहे, असं क्लोन कॅसेटच्या फाइलींत वारंवार दिसतं.

थोडंफार प्रोग्रामिंग येत असेल तर एक मॅपर स्वतः लिहून बघाच. दहा लेख वाचून जे समजत नाही ते यातून एका बैठकीत समजतं. मॅपर २ घ्या, ‘काँट्रा’चा. एकूण आठ बँका, म्हणजे रॉमचे तुकडे, प्रत्येकी १६,३८४ बाईट. नियम तीन:

१. प्रोसेसरने ३२,७६८ ते ४९,१५१ मधला पत्ता वाचला, तर रॉममधली जागा = निवडलेली बँक × १६,३८४ + (पत्ता − ३२,७६८).

२. पत्ता ४९,१५२ किंवा पुढचा असेल, तर कायम शेवटचीच बँक: ७ × १६,३८४ + (पत्ता − ४९,१५२).

३. प्रोसेसरने ३२,७६८ च्या पुढे कुठेही काही लिहिलं, तर त्या आकड्याचे खालचे तीन बिट म्हणजे नवी बँक.

बँक ३ निवडलेली असताना पत्ता ३३,००० वाचला, तर ४९,१५२ + २३२ = ४९,३८४. फाइलमध्ये शोधताना हेडरचे १६ मिळवा: ४९,४००. हेक्स एडिटरमध्ये त्या जागी दिसणारा बाईट आणि इम्युलेटरच्या डीबगरमधला (गेम थांबवून आत बघायच्या खिडकीतला) बाईट एकच निघाला पाहिजे. दुसरा नियम विसरलात तर गेम सुरूच होत नाही, कारण वीज आल्यावर प्रोसेसर पहिली उडी कुठे मारायची हे ६५,५३२ या पत्त्यावरून वाचतो आणि ती माहिती शेवटच्या बँकेत असते. काळ्या पडद्याचं हे एक खरंखुरं कारण.

याच ‘काँट्रा’च्या जपानी आवृत्तीत कोनामीची व्हीआरसी२ चिप आहे आणि जंगलातली झाडं वाऱ्याने हलतात. नाव तेच, मॅपर वेगळा. म्हणून नुसत्या नावावरून हेडर ‘सुधारू’ नका.

एमएमसी३ याच्या एक पायरी पुढे जाते. तिच्यात पडद्याच्या ओळी मोजणारा काउंटर आहे. ठरलेली ओळ आली की ती प्रोसेसरला टोचते आणि गेम तिथून खाली वेगळं चित्र लावतो. ‘मारिओ ३’ची खालची पट्टी अशीच स्थिर राहते. पट्टी थरथरत असेल तर इम्युलेटरचा ओळींचा हिशेब एखाद्या ओळीने चुकतोय.

काही चिप्स आवाजही काढत. कोनामीची व्हीआरसी६ तीन जादा वाद्यमार्ग देते, व्हीआरसी७ एफएम संश्लेषण. फॅमिकॉमचा आवाज कॅसेटमधून फिरून येतो, म्हणून हे तिथे शक्य झालं. अमेरिकी निंटेंडोत तो रस्ता नव्हता. इम्युलेटरमध्ये संगीत ओकंबोकं वाटलं तर आवाजाच्या सेटिंगमध्ये जादा चॅनेल बंद नाहीत ना ते बघा.

सुपर निंटेंडो: दोन बाईट, सगळी कहाणी

आधी फाइलचा आकार १,०२४ ने भागा. बाकी ५१२ उरली तर जुन्या कॉपी यंत्राने पुढे चिकटवलेलं निरुपयोगी हेडर आहे. पहिले ५१२ बाईट कापा. मग खरं हेडर शोधा. रॉम मांडायच्या रचना मुख्यतः दोन. ‘लोरॉम’ रचनेत गेमचं नाव ३२,७०४ व्या बाईटापासून, ‘हायरॉम’मध्ये ६५,४७२ पासून. जिथे वाचता येण्यासारखं नाव दिसेल ती रचना. खातरजमा करायला नावाच्या सुरुवातीपासून २८ आणि ३० बाईट पुढे असलेल्या दोन-दोन बाईटांच्या संख्यांची बेरीज ६५,५३५ येते का बघा.

नावापासून २२ बाईट पुढे चिपचा बाईट आहे, म्हणजे लोरॉममध्ये ३२,७२६ आणि हायरॉममध्ये ६५,४९४. उजवा अंक ०, १ किंवा २ असेल तर जादा चिप नाही: नुसती रॉम, रॉम आणि रॅम, किंवा त्यासोबत बॅटरी. ३ किंवा अधिक असेल तर चिप आहे, आणि कोणती ते डावा अंक सांगतो. ० म्हणजे डीएसपी, १ सुपर एफएक्स, २ ओबीसी१, ३ एसए-१, ४ एस-डीडी१, ५ घड्याळाची चिप. एफ असेल तर खास प्रकार, आणि नावाच्या अगदी अलीकडचा बाईट वाचावा लागतो: तिथे १० असेल तर कॅपकॉमची सीएक्स४, ०० असेल तर एसपीसी७११०. ‘सुपर मारिओ कार्ट’मध्ये ०५ दिसतं: डीएसपी, रॅम, बॅटरी. ‘स्टार फॉक्स’मध्ये १३.

आता प्रत्येक चिपेची खोड. डीएसपी-१ वर जरा रेंगाळतो, कारण तक्रारी सगळ्यात जास्त तिच्याच.

ही एनईसीची µपीडी७७सी२५ जातीची गणिती चिप. ‘पायलटविंग्ज’ आणि ‘मारिओ कार्ट’ची तिरकी जमीन हिच्या आकडेमोडीवर उभी आहे. मुख्य प्रोसेसर तिला आज्ञेचा एक बाईट देतो, मग आकडे, आणि ‘तयार’ हा बिट लागेपर्यंत थांबतो. आज्ञा ०० म्हणजे गुणाकार: दोन १६ बिटी आकडे गुणायचे आणि १५ बिट उजवीकडे सरकवायचे. १६,३८४ म्हणजे इथे अर्धा. १६,३८४ गुणिले १६,३८४ केलं की ८,१९२ परत येतात, म्हणजे पाव. साइन-कोसाइन, फिरवणं, दूरच्या बिंदूचं प्रक्षेपण, सगळं याच पद्धतीने.

इम्युलेटरकडे दोन रस्ते असतात. पहिला: आज्ञा ओळखून उत्तर आपल्याच पद्धतीने काढून देणं. हे वेगवान, पण चिपेच्या गोल करण्याच्या सवयी आणि लागणारा वेळ अंदाजाने धरलेला. दुसरा: चिपेच्या पोटातला मूळ प्रोग्राम घेऊन तीच चिप आतून चालवणं. हा प्रोग्राम कॅसेटच्या पिनांतून वाचता येत नाही. हौशी मंडळींनी चिपेचं कवच रसायनाने उतरवून सूक्ष्मदर्शकाखाली बिट वाचले, तेव्हा तो हाती लागला. त्याची लांबी आहे प्रोग्राम ६,१४४ आणि तक्ते २,०४८, मिळून ८,१९२ बाईट. तुमची फर्मवेअर फाइल, म्हणजे याच प्रोग्रामची फाइल, याहून लहानमोठी असेल तर ती चुकीची आहे, पुढे तपासायची गरजच नाही. एसटी०१० या दुसऱ्या जादा चिपेची फाइल ५३,२४८ बाईटांची, सीएक्स४ची ३,०७२.

डीएसपी-१च्या आवृत्त्यांतही फरक आहे. सुधारलेली ‘१बी’ लावून ‘पायलटविंग्ज’चं आपोआप चालणारं प्रात्यक्षिक पाहिलं तर विमान उतरताना आपटतं, कारण ते प्रात्यक्षिक जुन्या चिपेच्या चुकांसकट नोंदवलेलं होतं. इम्युलेटर बिघडलेला नाही, आवृत्ती बदला.

सुपर एफएक्सची गोष्ट वेगळी. हिचा प्रोग्राम गेमच्या रॉममध्येच असतो, वेगळं फर्मवेअर लागत नाही. ब्रिटनच्या अर्गोनॉटने ती घडवली आणि १९९३ च्या ‘स्टार फॉक्स’मधून ती आली. मुख्य प्रोसेसर जास्तीत जास्त ३.५८ मेगाहर्ट्झचा, ही १०.७४ ची, हिचीच पुढची आवृत्ती जीएसयू-२ दुप्पट. ती आपल्या रॅममध्ये चित्र काढते आणि कन्सोल ते उचलून पडद्यावर टाकतो. ती रॉम वाचत असताना मुख्य प्रोसेसरला रॉमकडे जाता येत नाही, हा हिशेब इम्युलेटरला नेमका पाळावा लागतो. काही इम्युलेटरमध्ये तिचा वेग वाढवायची सोय आहे. ‘डूम’साठी ती जरूर वापरा, ‘स्टार फॉक्स’साठी जपून, कारण खेळच पळायला लागतो.

एसए-१ म्हणजे मुख्य प्रोसेसरचाच भाऊ, १०.७४ मेगाहर्ट्झवर. दोघे एकाच रॉमसाठी भांडतात, तेव्हा कोण किती थांबलं याचा अचूक हिशेब ठेवणारे इम्युलेटर जरा जड चालतात. एस-डीडी१ चित्रं उलगडते. तिची पद्धत उकलेपर्यंत ‘स्टार ओशन’ खेळायला आधीच काढलेल्या चित्रांचा वेगळा गठ्ठा सोबत ठेवावा लागे. अजूनही जुन्या लेखांत तो गठ्ठा शोधायला सांगतात, दुर्लक्ष करा. सेगाच्या मेगा ड्राइव्ह कन्सोलवर अशी एकच चिप, ‘व्हर्चुआ रेसिंग’मधली एसव्हीपी.

इम्युलेटर लावताना

जुना लॅपटॉप किंवा मोबाइल असेल तर स्नेस९एक्स: डीएसपी आणि सीएक्स४ साठी फर्मवेअर मागत नाही. अचूकता हवी असेल तर बीस्नेस किंवा एरीस. आत काय चाललंय ते बघायचं असेल तर मेसेन, आणि शिकणाऱ्याने तोच घ्यावा असं माझं मत. तो फर्मवेअर मागेल; मिळाल्यावर गेम थांबवून डीएसपी, जीएसयू किंवा एसए-१चा स्वतंत्र डीबगर उघडता येतो. ‘मारिओ कार्ट’ची शर्यत सुरू करा, डीएसपीचा डीबगर उघडा आणि एकेक पायरी चालवा. वळणावर आज्ञांची रांग कशी लागते ते डोळ्यांसमोर दिसतं.

बीस्नेसमध्ये ‘एचएलईला प्राधान्य’ असा पर्याय आहे; एचएलई म्हणजे वर सांगितलेला पहिला रस्ता. तो चालू करून गेम सुरू झाला आणि बंद केल्यावर अडला, तर दोष फर्मवेअर फाइलचा. दोन्हीकडे अडला, तर पुन्हा हेडरकडे. रेट्रोआर्चमध्ये (अनेक इम्युलेटर एकत्र चालवणाऱ्या प्रोग्राममध्ये) फर्मवेअर ‘सिस्टिम’ फोल्डरमध्ये जातं आणि फाइलचं नाव अक्षरशः जुळावं लागतं.

सेव्ह स्टेटवर, म्हणजे इम्युलेटरने त्या क्षणाच्या साठवलेल्या अवस्थेवर, विसंबू नका. चिपेची आतली अवस्था प्रत्येक आवृत्ती वेगळ्या रीतीने साठवते, त्यामुळे इम्युलेटर अद्ययावत केला की जुनं स्टेट चिपेच्या गेममध्ये हमखास दगा देतं. गेममधलंच सेव्ह वापरा, आणि एप्रिल-मेमध्ये डेस्कटॉपवर खेळत असाल तर जरा लवकर लवकर वापरा, वीज कधी जाईल सांगता येत नाही.

शेवटी फाइलशेजारी काय ठेवायचं

प्रत्येक डम्पसोबत (वाचून घेतलेल्या फाइलीसोबत) बोर्डाचे दोन्ही फोटो, चिपांवरची अक्षरं, सीआरसी३२, मॅपर किंवा चिपचा बाईट, आणि कोणत्या इम्युलेटरच्या कोणत्या आवृत्तीवर चाललं ते साध्या टेक्स्ट फाइलमध्ये लिहा. काळ्या ठिपक्यांची क्लोन कॅसेट असेल तर हे काम जास्त मोलाचं. आपल्याकडे विकल्या गेलेल्या कितीतरी कॅसेटचे मॅपर सरळसोट नाहीत: रीसेट दाबला की पुढचा गेम येतो, किंवा मेनूतला क्रमांक एका साध्या लॅचमध्ये (आकडा धरून ठेवणाऱ्या सर्किटमध्ये) जाऊन बसतो. अशा वेळी रीडरवरून ३२,७६८ च्या पुढच्या वेगवेगळ्या पत्त्यांवर एकेक आकडा लिहा, दर वेळी पूर्ण ३२ केबी वाचा आणि कोणत्या लिहिण्याने कोणता तुकडा बदलला त्याची वहीत नोंद करा.